ट्युरेटिन की लायडनचा सिनॉप्सिस: आधी कोणाला हात घालावा?

सतराव्या शतकातल्या प्रॉटेस्टंट स्कोलॅस्टिक मंडळींच्या, म्हणजे धर्मसिद्धान्त काटेकोर तर्कानं मांडणाऱ्या विद्यापीठी पंडितांच्या, वाटेला जायचं ठरवलं की थोड्याच दिवसांत दोन ग्रंथ समोर येऊन उभे राहतात. एक फ्रान्सिस ट्युरेटिनचा ‘इन्स्टिट्यूट्स’, जिनिव्हात १६७९ ते १६८५ या काळात तीन खंडांत निघालेला. दुसरा नेदरलँड्समधल्या लायडन विद्यापीठाच्या चार प्राध्यापकांनी मिळून केलेला ‘सिनॉप्सिस’, १६२५ चा. सोळाव्या शतकातला धर्मसुधारक कॅल्व्हिन बऱ्यापैकी वाचलाय, तारण देवाच्या निवडीवर किती आणि माणसाच्या इच्छेवर किती या वादावर भरलेली डॉर्टची डच चर्च-परिषद ठाऊक आहे, लॅटिन मात्र जेमतेम, असा वाचक डोळ्यांसमोर ठेवून लिहितोय. मी स्वतः तसाच होतो. मी आधी ट्युरेटिन घेतला, अडीच वर्षांत दोन तृतीयांशापर्यंत पोचलो आणि थांबलो. सिनॉप्सिस पूर्ण झाला. यातून माझा कल कळलाच असेल, पण ट्युरेटिनवर अन्याय नको, म्हणून त्याच्यापासूनच सुरुवात करतो.

ट्युरेटिनमध्ये प्रत्येक मुद्दा प्रश्न म्हणून येतो आणि लगेच निकालही येतो: आम्ही होय म्हणतो, अमक्याविरुद्ध, आम्ही नाही म्हणतो, तमक्याविरुद्ध. मग तो जे करतो त्यात त्याचा हात धरणारा मला तरी भेटलेला नाही. वाद नेमका कशाबद्दल नाही, हे तो आधी सांगतो. प्रश्न हा नाही, तोही नाही, तो तर नाहीच. प्रश्न एवढाच आहे. अर्धं भांडण तिथेच मिटतं. दहाव्या विषयात (ग्रंथाच्या मोठ्या विभागांना तो ‘विषय’ म्हणतो) माणसाच्या इच्छास्वातंत्र्याची चर्चा आहे. तिथे तो ‘अपरिहार्यता’ या एका शब्दाचे सहा तुकडे करतो. बाहेरून झालेली बळजबरी, आग जाळते तशी निसर्गाची सक्ती, देवावरचं अवलंबित्व, बुद्धीनं जे हिताचं ठरवलं तिकडेच इच्छेनं वळणं, पापाची गुलामी, आणि एखादी गोष्ट आहे म्हटल्यावर ती त्याच वेळी नसू शकत नाही, ही सहावी. यातल्या पहिल्या दोन स्वातंत्र्याच्या मुळावर येतात, उरलेल्या चार येत नाहीत. हे वाचल्यापासून कॅल्व्हिनपंथीय माणसाला कळसूत्री बाहुली मानतात असं कोणी म्हणालं की मी आधी विचारतो, सहांपैकी कुठली?

तेव्हा ग्रंथ थोर आहे, यात वाद नाही. अमेरिकेतल्या प्रिन्स्टनच्या सेमिनरीत, म्हणजे पाळक घडवणाऱ्या विद्यालयात, तिथले प्राध्यापक चार्ल्स हॉज यांनी १८७० च्या दशकाच्या सुरुवातीला स्वतःचे खंड काढेपर्यंत मुलं हाच लॅटिनमधून वाचत होती. त्यांच्यासाठी जॉर्ज मस्ग्रेव्ह गायगर यांनी केलेलं इंग्रजी भाषांतर शतकभर हस्तलिखितातच राहिलं आणि १९९२ ते १९९७ मध्ये छापून आलं. आपण वाचतो ते हेच.

आता माझं दुखणं. प्रश्नाच्या शेवटी एक भाग असतो, त्याला त्यानं ‘उत्तरांचे झरे’ अशा अर्थाचं नाव दिलंय. प्रतिपक्षाच्या आक्षेपांना तिथे उत्तरं आहेत. फक्त आक्षेप नाहीत! म्हणजे असतात, पण उत्तराच्या पोटात. ‘जरी अमुक असलं तरी त्यावरून तमुक सिद्ध होत नाही’ असा साचा. कधी नुसता शास्त्रवचनाचा आकडा आणि पुढे थेट खुलासा. चौदाव्या विषयात ख्रिस्तानं आपल्या पापांची भरपाई केली का, ही चर्चा आहे. तिथल्या एका उत्तराचा आशय असा, की क्षमा आणि भरपाई या गोष्टी एकमेकींच्या विरोधात नाहीत, कारण भरपाई ख्रिस्ताकडून घेतली आणि कृपा आपल्यावर झाली. मी दोन संध्याकाळी त्या परिच्छेदापुढे बसून होतो. अरे बाबा, पण विरोधात आहेत असं म्हणालं कोण, आणि का?

म्हणाला होता फाउस्टुस सोसिनस, ख्रिस्तानं पापांची भरपाई केली हेच न मानणारा, १५९४ मध्ये छापलेल्या ग्रंथात, आणि त्याचा युक्तिवाद दोन ओळींत मावतो. कर्ज फेडून घेतलं, तर ते माफ केलं असं कसं म्हणता? मुलाची फी काकांनी भरली, तर कॉलेजनं फी माफ केली असं कोणी म्हणत नाही. हे आधी कळलं असतं तर ट्युरेटिनचं उत्तर मला पहिल्याच वाचनात भिडलं असतं, कारण उत्तर चांगलंच आहे. पण त्यासाठी मला सोसिनियनांची, म्हणजे त्याच्या अनुयायांची, रॅकोव्हची प्रश्नोत्तरावली शोधावी लागली. रोमन कॅथलिक पक्षाच्या बाबतीत तसंच त्यांचा पंडित बेलार्मिनच्या जाडजूड खंडांत शिरावं लागलं. एक ग्रंथ वाचायला घेतला आणि टेबलावर तीन उघडे.

आपल्याकडे कुठल्याही दर्शनाचं भाष्य चाळलेल्या माणसाला हे जरा जास्तच खटकतं. आधी पूर्वपक्ष, तोही जमेल तितका बळकट करून, मग सिद्धान्त, ही सवय आपल्या हाडीमाशी खिळलेली. मध्ययुगातला ख्रिस्ती तत्त्वज्ञ थॉमस अक्वायनसही आक्षेप आधी मांडतो आणि मग एकेकाला उत्तर देतो. आणि खंडनासाठीच लिहिलेल्या ग्रंथात पूर्वपक्ष गिळून टाकलेला! सरसकट असंच आहे असं नाही. काही ठिकाणी तो प्रतिपक्षाला भरपूर जागा देतो. शिवाय त्याच्यासमोरच्या विद्यार्थ्यांना हे आक्षेप तोंडपाठ असणार. आपला सगळा ईश्वरविज्ञानाचा डोलारा इथे मांडायचा नाही, वादाचे मुद्दे समजावायचे आहेत, हे त्यानं प्रस्तावनेत सांगूनही ठेवलंय. तेव्हा दोष त्याचा कमी, माझा जास्त, असं म्हणा हवं तर. पण वाचायचं मलाच होतं.

सिनॉप्सिसकडे मी वळलो तो खरं म्हणजे कंटाळून. योहानेस पोलियांडर, आंद्रे रिव्हे, वालेयस आणि थिसियस हे चौघे. डॉर्टची परिषद १६१९ मध्ये संपली, परिषदेनं नाकारलेल्या अर्मिनियसच्या मताच्या बाजूच्या प्राध्यापकाची उचलबांगडी झाली, आणि आता आमच्या विद्यापीठात सगळे एका सुरात बोलतात हे जगाला दाखवायची गरज होती. त्यासाठी ५२ जाहीर वादसभा झाल्या. प्राध्यापक अध्यक्षस्थानी, क्रमांक घातलेली विधानं समोर, आणि ती लढवायला एक विद्यार्थी उभा. ग्रंथ म्हणजे या विधानांचा संग्रह. एक वादसभा एका बैठकीत वाचून होते, हा मला सर्वात मोठा फायदा वाटला. नोकरी सांभाळून वाचणाऱ्याला याची किंमत कळेल.

दुसरा फायदा शब्दांचा. इथे संज्ञा आधी उलगडून ठेवतात: हा शब्द कुठून आला, किती अर्थांनी वापरतात, आपण इथे कुठल्या अर्थानं वापरतोय. कधीकधी हे फार लांबतं, कबूल. पण पहिल्याच वादसभेत देवाचं स्वतःबद्दलचं ज्ञान आणि माणसाला मिळालेलं ज्ञान हा भेद येतो, मूळ शिक्का आणि लाखेवरचा ठसा असा, आणि तो एकदा डोक्यात बसला की पुढे जागोजागी उपयोगी पडतो. हा भेद १५९४ मध्ये फ्रान्सिस्कस युनियसनं मांडला, तेव्हा तोही लायडनलाच शिकवत होता. ट्युरेटिनमध्येही तो आहे, पण तिथे तो ओळखीचा पाहुणा असल्यासारखा येतो आणि जातो. मी वहीच्या मागच्या पानांवर सिनॉप्सिसमधल्या संज्ञांची यादी केली होती. नंतर ट्युरेटिन पुन्हा उघडला, तेव्हा तीच यादी शेजारी ठेवून वाचला.

तिसरं म्हणजे अलीकडची तीन खंडांची आवृत्ती. एका पानावर लॅटिन, समोर इंग्रजी. नजर डावीकडे टाकली की मूळ शब्द दिसतो. ट्युरेटिनच्या बाबतीत यासाठी १८४७ ची लॅटिन आवृत्ती स्कॅनमध्ये उघडून विषय, प्रश्न, परिच्छेद असा आकडा जुळवत बसावं लागतं. जमतं, पण चहा गार होतो.

पूर्वपक्ष सिनॉप्सिस तरी कुठे देतो, असं कोणी विचारेल. फारसा नाही देत. पण त्याला आधी आपलं म्हणणं मांडायचं असतं. समोरच्याला तो जाता जाता टोकतो. अर्धवट ऐकू आलेल्या भांडणाची चुटपुट इथे लागत नाही. २४ वी वादसभा पूर्वनियोजनाची, म्हणजे कोणाचं तारण व्हायचं हे देवानं आधीच ठरवलंय या शिकवणीची. डॉर्टचा धुरळा नुकताच बसलेला, म्हणून मी तलवारी निघतील या अपेक्षेनं गेलो. मला ती बरीच संयत वाटली.

याचे तोटे आहेतच. चार हात लागल्यामुळे सूर बदलत राहतो आणि मधल्या काही वादसभा सपाट वाटतात. नवी आवृत्ती खिशाला परवडणारी नाही; मी ग्रंथालयातून एकेक खंड आणून वाचला. नुसतं लॅटिन चालत असेल तर डच ईश्वरविज्ञानी हर्मान बाव्हिंकनं १८८१ मध्ये काढलेली आवृत्ती स्कॅनमध्ये फुकट मिळते.

जाता जाता त्याच परंपरेतल्या मास्ट्रिख्त या पंडिताचं नाव घ्यायला हवं. १७४७ च्या एका पत्रात अमेरिकन धर्मोपदेशक जोनाथन एडवर्ड्सनं ट्युरेटिन आणि मास्ट्रिख्त दोघांनाही वाखाणलं, पण वादासाठी ट्युरेटिन आणि एकूण ईश्वरविज्ञानासाठी मास्ट्रिख्त, असा कौल दिला. प्रत्येक प्रकरणाच्या शेवटी आचरणाचा भाग असलेला ग्रंथ हवा असेल तर तो बघा. मी तो चाळण्यापलीकडे वाचलेला नाही, म्हणून तुलनेत घेतला नाही.

कोणाला एखाद्या ठरावीक वादावर निबंध लिहायचा असेल, आणि प्रतिपक्षाचे ग्रंथ हाताशी असतील, तर ट्युरेटिनच घ्या. माझी तक्रार तिथे लागू होत नाही. सुरुवातच करायची असेल तर मी आपला सिनॉप्सिसच्या पहिल्या पाच वादसभा सुचवीन, म्हणजे ईश्वरविज्ञान काय आणि पवित्र शास्त्र काय एवढं. त्यानंतर ट्युरेटिनचा पहिला आणि दुसरा विषय उघडा. मुद्दे तेच आहेत. मी दुसऱ्यांदा तसंच केलं आणि या वेळी चौदाव्या विषयाच्या पुढे गेलो. सध्या सतराव्यावर आहे.