पाचशे रुपयांची कॉपीराइट नोंदणी पटकथा लेखकाला कोर्टात किती उपयोगी पडते?

आधी निकाल सांगतो: कॉपीराइट कार्यालयाच्या ऑनलाइन नोंदणीला पाचपैकी साडेतीन. पटकथा लिहिणाऱ्याने ती करावीच. पण हातात प्रमाणपत्र आहे म्हणजे सिनेमाचं प्रदर्शन थांबवता येईल, या भरवशावर राहू नये. पुण्यात एकांकिका स्पर्धांतून सिनेमाकडे वळणारे लेखक कितीतरी आहेत, आणि नोंदणीतली सगळ्यात महागडी चूक नेमकी त्यांच्याच अर्जात सापडते.

प्रक्रिया सोपी आहे. पोर्टलवर खातं उघडायचं, फॉर्म १४ भरायचा, सही आणि पटकथेची पीडीएफ चढवायची, साहित्यकृतीचे ५०० रुपये भरायचे. लगेच डायरी नंबर, म्हणजे अर्जाचा क्रमांक, मिळतो. त्यानंतर आक्षेपांसाठी ३० दिवस थांबावंच लागतं. कुणी आक्षेप घेतला तर दोन्ही बाजूंची सुनावणी, नाही घेतला तर छाननी. त्रुटी निघाली तर पत्र येतं आणि त्याला मुदतीत उत्तर द्यावं लागतं. पत्र बहुधा ईमेलवरच येतं, म्हणून अर्जात रोज उघडला जाणारा पत्ता द्या.

आता ती चूक. ‘पुढील तपशील’ या भागात कृती मूळ आहे की दुसऱ्या कृतीचं रूपांतर, असं विचारलेलं असतं. एकांकिकेवरून पटकथा केली असेल तर ते रूपांतर आहे. एकांकिका दुसऱ्या कुणाची असेल, तर रूपांतराचा हक्क तिच्या लेखकाकडे असतो आणि त्याची लेखी परवानगी लागते. लोक सरसकट ‘मूळ’ म्हणून भरतात. पुढे दाव्यात समोरचा वकील आधी त्याच रकान्यावर बोट ठेवतो, आणि लेखकाच्या प्रामाणिकपणावरच शंका उभी राहते. तालमीत नटांनी जोडलेले संवाद हाही तसाच नाजूक मामला. ज्याचं लेखन वेगळं काढताच येत नाही असा सहलेखक कायद्याने सहकर्ता ठरू शकतो. त्याचं नाव गाळू नका. किंवा त्याच्याकडून हस्तांतरण आधी लेखी, सहीनिशी घ्या.

मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनची नोंदणी वेगळी. तिथे सभासद व्हावं लागतं, शुल्क पानांच्या संख्येवर ठरतं आणि काम झटपट होतं. वन-लाइन (प्रसंगांची थोडक्यात यादी), पटकथा, संवाद असा प्रत्येक टप्पा नोंदवायला ती सोयीची. शिवाय संघटनेची वाद निवारण समिती आहे, तीही कामाला येते. मात्र दोन्हीकडे तुम्हाला मिळतो तो तारखेचा पुरावा. सरकारी नोंदणीला कॉपीराइट कायद्याच्या कलम ४८ मुळे प्रथमदर्शनी पुराव्याचं, म्हणजे उलट सिद्ध होईपर्यंत ग्राह्य धरल्या जाणाऱ्या पुराव्याचं, वजन आहे, म्हणून अंतिम ड्राफ्ट तिथेच जावा. नोंदणी नसली तरी कॉपीराइट असतोच. मुंबई उच्च न्यायालयाने संजय सोया प्रकरणात २०२१ मध्ये हे स्पष्ट केलं आहे. स्वतःलाच रजिस्टर्ड पोस्टाने बाड पाठवण्याची जुनी पद्धत सोडून द्यावी. पाकीट उघडं पाठवून नंतर भरलं, असा आक्षेप तिच्यावर सहज घेता येतो.

सिनेमाचं प्रदर्शन थांबवणाऱ्या तात्पुरत्या मनाई हुकमासाठी कोर्ट तीन गोष्टी पाहतं: प्रथमदर्शनी केस, सोयी-गैरसोयीचं पारडं आणि भरून न निघणारं नुकसान. लेखक बहुतेक वेळा पहिल्याच पायरीवर घसरतो, कारण तो कथाबीजावर भांडतो. आर. जी. आनंद प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्येच सांगितलं की कल्पनेवर कॉपीराइट नसतो, मांडणीवर असतो. शीर्षकाचंही तसंच. कृषिका लुल्ला प्रकरणात (२०१५) तक्रारदाराने कथेचा सारांश लेखक संघटनेकडे नोंदवलेला होता, तरी नुसत्या शीर्षकाला संरक्षण मिळालं नाही. म्हणून दाव्याला तक्ता जोडा: डाव्या रकान्यात तुमचा प्रसंग पान क्रमांकासह, उजवीकडे त्यांचा, आणि क्रम, पात्रांची नाती, संवाद यांतलं साम्य. ‘दोन भाऊ, एक वाडा’ असलं साम्य घालू नका. एक फुसकी ओळ बाकीच्या दहा ओळींचं वजन घालवते.

वेळेचं तर विचारूच नका. पोस्टर, टीझर सगळं पाहून प्रदर्शनाच्या आदल्या दिवशी कोर्टात धावलात, तर उशीर हेच हुकूम नाकारण्याचं कारण होतं. शिवाय नुकसान पैशांत भरून निघेल असं वाटलं, तर कोर्ट सिनेमा थांबवत नाही. ट्रेलर दिसताच नोटीस द्या, पण भाषा जपून वापरा; बिनबुडाच्या धमकीविरुद्ध कलम ६० खाली निर्माताच दावा लावू शकतो. श्रेयनामावलीतल्या नावाची मागणी कलम ५७ खाली वेगळी मांडा.

पुण्यात राहणाऱ्या लेखकाला कलम ६२ मुळे शिवाजीनगरच्या जिल्हा न्यायालयात दावा लावता येतो, निर्माता अंधेरीचा असला तरी. असा दावा वाणिज्य (व्यापारी) दावा ठरला तर त्याआधीची सक्तीची मध्यस्थी तातडीच्या अंतरिम मागणीत टळते, पण ती तातडी कागदावर दिसायला हवी. सावध निर्माते कॅव्हेट, म्हणजे ‘आम्हाला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नका’ असा अर्ज, आधीच दाखल करून ठेवतात. ती ९० दिवस चालते आणि तोवर एकतर्फी हुकूम मिळणं अवघड.

उरलेला दीड गुण नोंदणीने नव्हे, ईमेलने मिळतो. तुमची पटकथा समोरच्याच्या हातात पोचली होती, हे प्रमाणपत्र सांगत नाही. नरेशनच्या (निर्मात्याला कथा ऐकवण्याच्या) आधी पीडीएफ ईमेलने पाठवा, मजकुरात ‘विश्वासाने, फक्त विचारार्थ’ असं लिहा आणि पोच मागा. झी विरुद्ध सनडायल प्रकरणात (२००३) मुंबई उच्च न्यायालयाने विश्वासाने दाखवलेल्या संकल्पनेच्या टिपणाला संरक्षण दिलं, ते याच धाग्यावर. व्हॉट्सअॅपवर पाठवणार असाल तर आपोआप पुसले जाणारे संदेश बंद ठेवा आणि तो फोन विकू नका. असा डिजिटल पुरावा कोर्टात देताना भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या (पुराव्याच्या कायद्याच्या) कलम ६३ खालच्या प्रमाणपत्रात उपकरणाचा तपशील आणि फाइलची हॅश व्हॅल्यू (फाइलचा जणू अंगठ्याचा ठसा असलेला आकडा) द्यावी लागते.