१५६ भागांचा संच आणि त्यातला एक म्हातारा

'ट्वायलाइट झोन'चा पूर्ण डीव्हीडी संच मी दिवाळीत घेतला. १९५९ ते १९६४ मधली अमेरिकन मालिका, पाच पर्वं, १५६ भाग, सगळं कृष्णधवल. घेतला गूढकथांसाठी, आता लावतो तो बर्ट मस्टिन या नटासाठी.

आधी खरेदीचं सांगतो. डीव्हीडीला जगाच्या भागानुसार 'रीजन' क्रमांक असतो, आणि प्लेअर सहसा आपल्याच रीजनच्या चालवतो. हा संच अमेरिकेतला, म्हणजे रीजन १ चा. आपल्याकडचे प्लेअर रीजन ५ चे. पहिली डीव्हीडी घातली तर पडद्यावर नुसती सूचना. मेन रोडवरच्या एका दुरुस्तीवाल्याने रिमोटवरून कोड टाकून दोन मिनिटांत काम केलं. विकणाऱ्याने याबद्दल अक्षरही लिहिलं नव्हतं, शिवाय खोक्यातला एक ट्रे फुटून आला. आतला माल शाबूत होता म्हणून परत पाठवला नाही. घेणार असाल तर आधी आपला प्लेअर तपासा.

चित्र नितळ आहे, चेहऱ्यावरच्या सुरकुत्या मोजाव्यात इतकं. दुसऱ्या पर्वातले सहा भाग मात्र सपाट दिसतात, आपल्या जुन्या दूरदर्शनवरच्या स्टुडिओतल्या नाटकांसारखे. खर्च वाचवायला ते फिल्मऐवजी व्हिडिओटेपवर केले होते. संच खराब निघाला असं समजू नका.

त्याच सहांपैकी एक 'द नाइट ऑफ द मीक', १९६० च्या नाताळातला. आर्ट कार्नी दुकानातला दारुडा सांताक्लॉज झालाय. त्याला एक पोतडी सापडते. जो जे मागेल ते त्यातून निघतं. एका म्हाताऱ्याला पाइप आणि जाकीट मिळतं. शेवटी पोतडी रिकामी होते, आणि हाच म्हातारा त्याला म्हणतो की तुला स्वतःला तर काहीच मिळालं नाही. सगळी गोष्ट तिथे वळते. मस्टिन ते वाक्य जराही जोर न देता टाकतो, शेजाऱ्याला "जेवलात का" विचारावं तसं. मी ती जागा सात-आठ वेळा मागे नेऊन पाहिली.

मी नाशिकरोडच्या प्रेसमधून निवृत्त झालो. नोकरी सांभाळून तीस वर्षं हौशी नाटक केलं, नाशिकच्या सायखेडकर आणि कालिदास या नाट्यगृहांत, राज्य नाट्य स्पर्धेत. वाट्याला पोस्टमन, रामा गडी, वधूपिता. दोन वाक्यांच्या नटाला काय काय सुचतं ते मला पक्कं ठाऊक आहे. आवाज चढवावा, खोकावं, काठी टेकत दोन पावलं जास्त चालावं. मस्टिन यातलं काही करत नाही. समोरचा बोलत असताना तो ऐकतो. खरोखर ऐकतो, आणि त्यामुळे समोरच्याचं काम सुधारतं.

हा माणूस १८८४ साली पिट्सबर्गला जन्मला. उमेदीची वर्षं मोटारी विकण्यात गेली. गाणं आणि नाटक हौस म्हणून. पहिला चित्रपट १९५१ चा, विल्यम वायलरचा 'डिटेक्टिव्ह स्टोरी'. तेव्हा वय ६७! पुढची पंचवीस वर्षं टीव्हीवर काम. 'लीव्ह इट टू बीव्हर'मधला गस नावाचा फायरमन त्याचाच, आणि 'ऑल इन द फॅमिली'त वृद्धाश्रमातून निघून आलेले क्विगली आजोबाही. 'फिलिस' मालिकेत तो वयाच्या ९२ व्या वर्षी बोहल्यावर चढला, डिसेंबर १९७६ मध्ये. पुढच्याच महिन्यात गेला. नायक तो कधीच नव्हता, पण बोलावणं थांबलं नाही.

संचातला माझा सर्वात लाडका भाग तिसऱ्या पर्वातला, 'किक द कॅन'. वृद्धाश्रमातल्या एका म्हाताऱ्याला वाटतं, लहानपणीचा खेळ पुन्हा खेळलो तर पुन्हा पोर होऊ. खेळ म्हणजे जवळजवळ आपला डबा ऐसपैसच. पंचवटीतल्या आमच्या वाड्यात त्यासाठी डालडाचा डबा ठेवलेला असायचा. त्या आश्रमातल्या घोळक्यात मस्टिन आहे. भाग दाखवला गेला ९ फेब्रुवारी १९६२ ला, आणि आदल्याच दिवशी त्याला ७८ वर्षं पूर्ण झाली होती. रंगवलेलं म्हातारपण आणि खरं म्हातारपण यातला फरक बघायचा तर हा भाग बघा. ही पहिल्यांदा माझ्याबरोबर बसली ती याच भागाला, आणि संपल्यावर बराच वेळ उठली नाही.

चौथ्या पर्वातले अठरा भाग तासाचे आहेत, ते ताणल्यासारखे वाटतात; वेळ कमी असेल तर सोडा. बाकी संच पैसे वसूल. लहान भूमिकांची नावं भागाच्या शेवटी झरकन सरकतात, तेव्हा पॉजवर बोट ठेवून बसा.

यंदाच्या स्पर्धेत मला आजोबांचं काम आहे, जेमतेम साडेतीन मिनिटांचं. दिग्दर्शकाने एंट्रीला खोकायला सांगितलंय. मी नको म्हणालोय.