आई-बाबा कलाकार, मग आधी अभिनय, निर्मिती की पॉडकास्ट?

घरात आधीच कुणी रंगमंचावर किंवा पडद्यावर नाव कमावलेले असेल, तर आडनाव तिन्ही ठिकाणी कामाला येते, पण सारखे नाही. अभिनयात ते पहिली भेट मिळवून देते, निर्मितीत उधारी, आणि पॉडकास्टमध्ये पहिले आठ-दहा पाहुणे. म्हणून नाव कशात होईल यापेक्षा दोन प्रश्न आधी सोडवावेत: आडनाव किती दिवस पुरेल, आणि काम फसले तर पैसे कोण भरेल?

अभिनयात अपयशाची किंमत सर्वांत कमी, कारण पैसा दुसऱ्याचा असतो. मालिकेसाठी हल्ली सुरुवात घरून पाठवलेल्या ऑडिशनने होते. फोन आडवा, मागे साधी भिंत, प्रकाश समोरून, नजर कॅमेऱ्याच्या किंचित बाजूला. आधी नाव, उंची आणि दोन्ही बाजूंचा चेहरा, मग प्रसंग. निर्माता घरी येऊन जेवून गेलेला असला तरी शेवटचा होकार वाहिनीचा असतो, आणि लूक टेस्टला आईची पुण्याई चालत नाही.

करारात चार गोष्टी बघा: दिवसाचा दर, महिन्याला किमान किती दिवसांची हमी, शिफ्ट किती तासांची (साधारण बारा धरतात), आणि पैसे कधी. मालिकेचे पैसे नव्वद दिवसांनी येण्याची पद्धत आहे. म्हणजे जूनमध्ये उभे राहिलात तर हाती सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये, तेही 10 टक्के टीडीएस कापून. सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला नसेल तर पहिला हप्ता यायच्या आतच उसनवारी सुरू होते. नाटक करायचे असेल तर प्रयोगांसाठी सुटी करारातच लिहून घ्या. सेटवर तोंडी मिळालेला होकार महाएपिसोडच्या आठवड्यात कुणाला आठवत नाही.

नाटकात नाईट (एका प्रयोगाचे मानधन) मिळते, मालिकेपेक्षा लवकर मिळते, पण हमी नसते. तालमींचे पैसे आधी ठरवले नसतील तर मिळणार नाहीत असेच धरा. तरीही आवाज, शब्दफेक आणि थांबणे शिकायला दुसरी जागा नाही. दुसऱ्या पिढीला हे जास्त लागते, कारण प्रेक्षक पहिल्या प्रवेशात काम नाही, चेहऱ्यातले साम्य बघत असतो.

घरच्याच चित्रपटातून पदार्पण करावे का? श्रिया पिळगावकरने 2013 मध्ये वडिलांच्या दिग्दर्शनात ‘एकुलती एक’ केला; पण आज ती देशभर ओळखली जाते ती 2016 च्या ‘फॅन’मुळे आणि 2018 च्या ‘मिर्झापूर’मुळे. घरचा चित्रपट दार उघडून देतो, आत बसवत नाही. त्यासाठी घरचेच पैसे लागणार असतील तर आमचे मत स्पष्ट आहे: करू नका.

निर्मितीचा विषय मोठा आहे, कारण इथे आडनाव घातक ठरू शकते. नेपथ्यकार, प्रकाशयोजनाकार, टेम्पोवाला, जाहिरात एजन्सी असे सगळे ‘तुमच्या वडिलांना ओळखतो, पैशांचे नंतर बघू’ म्हणतात. उधारी सहज मिळते म्हणून खर्चाचा अंदाज फुगतो.

समजण्यापुरता हिशेब असा. हजार खुर्च्यांच्या नाट्यगृहात 350 तिकिटे गेली आणि सरासरी 350 रुपये पडले, तर गल्ला 1,22,500. त्यातून नाट्यगृहाचे भाडे, वृत्तपत्रातली जाहिरात, कलाकारांच्या नाईट, पडद्यामागची मंडळी, टेम्पो, बस, लेखक-दिग्दर्शकाचे प्रतिप्रयोग मानधन, ऑनलाइन तिकिटांचे कमिशन असे मिळून 1,10,000 गेले, तर उरले 12,500. नाटक उभे करायला 15 लाख लागले असतील तर ते वसूल व्हायला असे 120 प्रयोग हवेत. मुसळधार पावसातला एक बुधवार किंवा क्रिकेटचा एक अंतिम सामना दोन-तीन प्रयोगांची कमाई खातो. म्हणूनच जाणते निर्माते मंडळांच्या आणि संस्थांच्या कंत्राटी प्रयोगांवर लक्ष ठेवतात. तिथे रक्कम आधी ठरते, रिकाम्या खुर्च्यांची चिंता दुसऱ्याची. तिकिटाचा वरचा दर अनेकदा 500 वर थांबतो त्यालाही कारण आहे: तिथपर्यंत नाटकाच्या तिकिटावर जीएसटी नाही.

क्रमही चुकवू नका. आधी लेखकाशी लेखी करार, मग रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचे (नाटकांच्या सेन्सॉरचे) प्रमाणपत्र, त्यानंतर जाहिरात. नाट्यगृहांच्या तारखांचे वाटप खूप आधी होते आणि शनिवार-रविवार जुन्या संस्थांकडे असतात. प्रमुख कलाकार मालिकेत असेल तर बदली कलाकार पहिल्या तालमीपासून बसवा. प्रयोग रद्द झाला तर परतावा द्यावा लागतोच, शिवाय भाडेही सहसा पूर्ण परत येत नाही.

चित्रपटात हेच सगळे कितीतरी पटींनी मोठे होते. आदिनाथ कोठारेचे उदाहरण घ्या. 1994 च्या ‘माझा छकुला’मध्ये बालकलाकार, 2010 मध्ये नायक म्हणून पदार्पण, घरात अनुभवी निर्मितीसंस्था. त्याने दिग्दर्शित केलेल्या ‘पाणी’ला 2018 च्या चित्रपटांसाठीचा पर्यावरणविषयक राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पण तो चित्रपटगृहात आला ऑक्टोबर 2024 मध्ये. व्याजाने घेतलेला पैसा एवढा काळ थांबत नाही.

पॉडकास्टला निर्मितीपेक्षा खर्च फारच कमी. दोन डायनॅमिक माइक, दोन इनपुटचा ऑडिओ इंटरफेस (माइक संगणकाला जोडणारी पेटी), स्टँड, हेडफोन आणि कॅमेरा म्हणून घरातले फोन. पन्नास हजारांच्या आसपास भागते. माइक तोंडापासून चार बोटे ते एक वीत, प्रत्येकाचा आवाज वेगळ्या ट्रॅकवर, रेकॉर्डिंग 48 किलोहर्ट्झला, शेवटची पातळी -16 लुफ्सच्या (आवाज किती मोठा वाटतो ते मोजण्याचे एकक) जवळ. दिवाणखान्यात काच आणि फरशी असेल तर आवाज घुमतो. पडदे ओढा, गालिचा टाका, एसी बंद करा. घुमलेला आवाज नंतर नीट साफ होत नाही, आणि श्रोता अंधूक चित्र सहन करतो, खराब आवाज नाही.

यूट्यूबवर जाहिरातींचे उत्पन्न सुरू व्हायला 1,000 सदस्य आणि वर्षभरात 4,000 तास पाहिले जाणे लागते. माणूस सरासरी 12 मिनिटे थांबला तर एवढ्याला 20,000 व्ह्यूज पुरतात, आणि ओळखीचे आडनाव असले की दोन-तीन महिन्यांत ते होऊनही जाते. फसगत इथेच होते. पाहुणे सगळे आई-बाबांचे मित्र, आठवणी त्याच, दौऱ्यातली बस बंद पडल्याचा किस्सा तिसऱ्यांदा. दहाव्या भागानंतर डायरीतले नंबर संपतात.

सोहा अली खानचा मार्ग वेगळा दिसतो. 2004 मध्ये अभिनय, पुढे कुणाल खेमूबरोबर निर्मितीसंस्था, आणि पॉडकास्ट थेट 2025 मध्ये. त्याचा विषय आई शर्मिला टागोर नाही, स्त्रियांचे आरोग्य. विषय स्वतःचा असला की पाहुण्यांची यादी घराबाहेर जाते. पहिला भाग टाकण्यापूर्वी सहा भाग तयार ठेवा, आणि त्यातले निदान चार घरच्या ओळखीबाहेरचे असू द्या.

वडिलांच्या चित्रपटातले गाणे किंवा प्रसंग मध्येच वाजवण्याचा मोह होईल. त्या चित्रपटाचे हक्क सहसा निर्मात्याकडे, गाण्याचे संगीत कंपनीकडे असतात. नटाच्या घराकडे नाही. यूट्यूबची यंत्रणा तुकडा ओळखते आणि त्या भागाचे उत्पन्न हक्कदाराकडे वळू शकते. पाहुण्याकडून संपूर्ण मुलाखत आणि तिचे छोटे तुकडे वापरण्याची लेखी परवानगी घ्या. मालिका चालू असेल तर करारातली डिजिटल कामाची अट आधी वाचा; अनेक वाहिन्या परवानगीशिवाय असे काम करू देत नाहीत.

तर विशी-पंचविशीत असाल, तर आधी अभिनय, त्यातही नाटक धरून. दोन कामांच्या मधल्या रिकाम्या महिन्यांत पॉडकास्ट. निर्मिती सर्वांत शेवटी, आणि पहिल्यांदा भागीदार म्हणून: तोट्याची कमाल रक्कम करारात लिहून, मर्यादित जबाबदारीची भागीदारी आणि वेगळे बँक खाते काढून. कर्ज घ्यावे लागले आणि बँकेने वैयक्तिक हमी मागितली, तर ती आई-वडिलांच्या राहत्या घरावर देऊ नका. त्यापेक्षा नेपथ्य साधे करा, किंवा पहिले वीस प्रयोग कंत्राटी मिळेपर्यंत शुभारंभ पुढे ढकला.