भूसंपादन मोबदल्याचा मूल्यांकन अहवाल: तालुक्यातील एका खासगी कार्यालयाच्या सेवेचे परीक्षण

पाटबंधारे प्रकल्पाच्या कालव्यासाठी आमच्या कुटुंबाच्या बागायती जमिनीचा पट्टा संपादनात गेला. सरकारी हिशेबाच्या शेजारी ठेवता येईल असा स्वतंत्र हिशेब हाती असावा, म्हणून आम्ही तालुक्याच्या गावातील एका नोंदणीकृत मूल्यांकनकाराची सेवा घेतली. या सेवेत मूल्यांकन अहवाल, भूसंपादन कायद्याच्या कलम 21 खाली जमीनधारकाचे दावे मागवणाऱ्या नोटिशीला द्यायचे लेखी निवेदन आणि निवाडा, म्हणजे मोबदला ठरवणारा आदेश, मान्य नसल्यास मोबदल्याचे वाद ऐकणाऱ्या प्राधिकरणाकडे करायच्या अर्जाचा मसुदा, एवढ्या गोष्टी येतात. शुल्क ठरावीक होते, त्याची पावती मिळाली आणि वाढीव रकमेत टक्केवारी मागितली गेली नाही. मोबदल्याच्या कामात टक्केवारीवर फिरणारे मध्यस्थ किती असतात हे गावोगावच्या लोकांना ठाऊक आहे, त्यामुळे ही बाब मला फार मोलाची वाटते.

अहवालाचे खरे बळ खरेदीखतांच्या निवडीत आहे. 2013 च्या भूसंपादन कायद्यातील कलम 26 प्रमाणे बाजारमूल्य ठरवताना मुद्रांक शुल्कासाठीचा किमान दर, म्हणजे आपण ज्याला रेडी रेकनर म्हणतो तो, आणि त्याच किंवा जवळच्या गावातील तशाच जमिनींच्या विक्रीची सरासरी, यांपैकी जास्त असेल ती रक्कम धरावी लागते. ही सरासरी सगळ्या व्यवहारांची काढायची नसते. प्राथमिक अधिसूचनेपूर्वीच्या, म्हणजे संपादनाच्या पहिल्या सरकारी घोषणेपूर्वीच्या, 3 वर्षांतील खरेदीखते घेऊन त्यांतील जास्त किमतीची निम्मी खते निवडायची आणि फक्त त्यांची सरासरी काढायची, असे कायद्याच्या स्पष्टीकरणातच म्हटले आहे. आम्हाला आधी दाखवलेल्या सरकारी तक्त्यात सरसकट सरासरी घेतली होती. मूल्यांकनकाराने दुय्यम निबंधक कार्यालयातून सूची दोनचे, म्हणजे नोंदणी झालेल्या व्यवहारांचे, उतारे काढले आणि प्रत्येक व्यवहारासमोर गट क्रमांक, क्षेत्र, जिरायत की बागायत आणि रस्त्यापासूनचे अंतर लिहिले. चार-पाच गुंठ्यांचे घरबांधणीसाठी झालेले व्यवहार त्यांनी मुख्य सरासरीत घेतले नाहीत. असे व्यवहार शेतजमिनीच्या तुलनेसाठी टिकत नाहीत आणि ते घुसवले तर उरलेल्या आकड्यांवरचाही विश्वास उडतो, हे त्यांनी आम्हाला स्पष्ट सांगितले. ग्राहकाला आवडेल तो आकडा न देता टिकेल तो आकडा देणे, ही या सेवेबद्दल मला सर्वांत आदर वाटलेली गोष्ट आहे.

पुढचा हिशेब अहवालात टप्प्याटप्प्याने दिला आहे. समजा बाजारमूल्य हेक्टरी 20 लाख रुपये ठरले, तर आमच्यासारख्या ग्रामीण क्षेत्रात गुणांक 2 लागून, म्हणजे बाजारमूल्याला 2 ने गुणून, ते 40 लाख होते आणि त्यावर 100 टक्के दिलासा रक्कम, म्हणजे जमीन सक्तीने घेतल्याबद्दलची जादा रक्कम, मिळून 80 लाख होतात. त्याशिवाय बाजारमूल्यावर, कायद्यात ठरवून दिलेल्या कालावधीसाठी, वार्षिक 12 टक्के रक्कम वेगळी मिळते. मात्र महामार्गासाठी जमीन जात असलेल्यांनी हे उदाहरण जसेच्या तसे धरू नये, कारण राज्य सरकारने 2021 मध्ये महामार्गांसाठीचा गुणांक 2 वरून 1 वर आणला आणि राष्ट्रीय महामार्गाच्या प्रकरणात वादही प्राधिकरणाऐवजी लवादाकडे जातो.

विहीर, पाइपलाइन आणि फळझाडे यांच्याबाबत कार्यालयाने दिलेला सल्ला वेळेवर मिळाला. या मालमत्तेला गुणांक लागत नाही, पण दिलासा रक्कम लागते. म्हणजे 3 लाखांची विहीर संयुक्त मोजणीच्या पंचनाम्यात आली नाही, तर नुकसान 6 लाखांचे होते. बांधकामाचे मूल्यांकन सार्वजनिक बांधकाम विभाग, फळझाडांचे कृषी विभाग आणि इमारती लाकडाच्या झाडांचे वन विभाग करतो. पण पंचनाम्यात जे नोंदलेलेच नाही त्याचे मूल्य कोणताही विभाग काढत नाही. सातबाऱ्यावर विहिरीची आणि बागायती पिकाची नोंद आहे का, हे त्यांनी पहिल्याच भेटीत तपासले. ज्यांच्या पीकपाहणीत वर्षानुवर्षे जिरायत पीक लागत आले आहे, त्यांनी मोजणीची वाट न पाहता ही नोंद दुरुस्त करून घेण्याचे काम आधी हाती घ्यावे.

कमतरता उरलेल्या जमिनीच्या बाबतीत जाणवली. कालवा शेताच्या मधून गेल्याने पलीकडचा तुकडा विहिरीपासून तुटला, बैलगाडी आणि ट्रॅक्टरची वाट लांबली आणि पाणी नेण्यासाठी नवा खर्च उभा राहिला. अशा विभाजनाने होणारे नुकसान कलम 28 खाली मागता येते. अहवालात मात्र त्याला जेमतेम दोन ओळी मिळाल्या, नकाशा जोडलेला नव्हता आणि रक्कम अंदाजाने लिहिली होती. आम्ही आग्रह धरल्यावर पुरवणी टिपण मिळाले, पण त्यातही पाइपलाइनचा खर्च कोणत्या दराने काढला याचा आधार नव्हता. ज्याची अर्धी उपजीविका त्या तुटलेल्या तुकड्यावर आहे, त्याच्यासाठी हा भाग खरेदीखतांइतकाच महत्त्वाचा आहे आणि कार्यालयाने त्यासाठी सिंचनाची जाण असलेला माणूस सोबत घ्यायलाच हवा.

मसुद्यांची भाषा नेटकी आणि मुदतींची माहिती अचूक होती. निवाड्याच्या वेळी हजर असलेल्याला कलम 64 चा अर्ज करण्यासाठी 6 आठवडेच मिळतात आणि रक्कम ‘अंडर प्रोटेस्ट’ (हरकत राखून) असे न लिहिता उचलली, तर तो अर्ज करण्याचा हक्क जातो, हे त्यांनी निवेदनाच्या पहिल्याच पानावर ठळक लिहून दिले. घरातील वडीलधाऱ्यांना ते मराठीतून वाचता आले, हेही महत्त्वाचे.

पाचपैकी साडेतीन गुण मी या सेवेला देईन. संपूर्ण गट संपादनात जात असेल तर ती निःसंकोच घ्यावी. जमीन मधून तुटत असेल, तर काम सोपवण्यापूर्वी विभाजनाच्या नुकसानीचा स्वतंत्र हिशेब नकाशासह देण्याचे लेखी कबूल करून घ्यावे. पहिल्या भेटीला सातबारा, आठ-अ, फेरफार आणि विहिरीच्या वीजजोडणीची बिले सोबत न्यावीत.