आयनॅचरलिस्टवर समुद्री स्लग: फोटो चढवणं सोपं, नाव पक्कं करणं अवघड

हाजी अली, कार्टर रोड, जुहूचे कातळ, कुठेही ओहोटीला उतरा. खाचेत समुद्री स्लग, म्हणजे बिनकवचाची समुद्री गोगलगाय, दिसला की पुढचा प्रश्न ठरलेला: हा कोण? उत्तरासाठी हल्ली सगळे आयनॅचरलिस्ट उघडतात, म्हणजे जीवांचे फोटो चढवून नाव शोधायचं आणि नोंद ठेवायचं अॅप. २००८ साली बर्कलीच्या विद्यार्थ्यांच्या प्रकल्पातून निघालेली आणि २०२३ पासून स्वतंत्र ना-नफा संस्था म्हणून चालणारी ही सेवा फुकट आहे, जाहिराती नाहीत. पक्षी-फुलपाखरांसाठी ती आहे तशी वापरली तरी चालते. स्लगसाठी मात्र थोडं सावध राहावं लागतं.

आधी फोटोचं बघू, कारण बऱ्याच नोंदी तिथेच बाद होतात. डोरिड गटातल्या स्लगच्या पाठीवर मागच्या बाजूला कल्ल्यांचा तुरा असतो आणि डोक्यावर राइनोफोर नावाची शिंगांची जोडी. पाण्याबाहेर काढलं की दोन्ही आत ओढली जातात आणि उरतो नुसता जेलीचा गोळा. त्या गोळ्यावरून ओळख पटत नाही, म्हणून प्राणी उचलायचा नाही, डबक्यात आहे तिथेच टिपायचा. चार फोटो हवेत: वरून पूर्ण अंग, राइनोफोर जवळून, कल्ले किंवा पाठीवरची बोटांसारखी सेराटा, आणि बाजूने अंगाची कड. कडेवरचे रंगीत पट्टे किती आणि कुठल्या क्रमाने, यावर बऱ्याचदा जात ठरते. शेजारी मोजपट्टी ठेवा. लांबीचा नुसता अंदाज कामाचा नाही. मोठ्या उधाणाला ओहोटी सकाळ-संध्याकाळ सहाच्या सुमारास येते, तेव्हा उजेड कमी असतो. फ्लॅश पाण्यावर चमकतो, त्यापेक्षा बाजूने तिरका टॉर्च धरलेला बरा. मोबाइलवर क्लिपची मॅक्रो लेन्स चालते. ऑलिंपस टीजी-६ सारखा कॅमेरा असेल तर तो मायक्रोस्कोप मोडवर एक सेंटिमीटरपर्यंत जवळ जातो आणि सरळ पाण्यात बुडवता येतो.

हे सगळं करूनही हाती स्लगसारखा दिसणारा चपटा कृमी लागू शकतो. तो कागदासारखा पातळ, पाठीवर कल्ले नाहीत, आणि ‘शिंगं’ म्हणजे पुढच्या कडेच्या नुसत्या घड्या. अॅप इथे हमखास गोंधळतं असं नाही, पण फोटो धूसर असेल तर गोंधळतं.

आता अॅपने दिलेल्या नावांच्या सुचवण्या. अॅपचा संगणक लोकांनी टाकलेल्या फोटोंवर शिकलेला आहे. ज्या जातीचे पुरेसे फोटो नाहीत, ती त्याच्या लेखी अस्तित्वातच नसते, म्हणून तो तिच्यासारखी दिसणारी दुसरी पुढे करतो. प्रवाळावर डायव्हरांनी स्वच्छ पाण्यात टिपलेल्या जाती त्याला पाठ असतात. आपल्या गढूळ पाण्यातला तपकिरी डोरिड त्यात कुठेतरी बसवला जातो. ‘एक्स्पेक्टेड निअरबाय’ ही खूण दिसली तरी हुरळून जाऊ नये. आजवरच्या नोंदींवरून ती जात या भागात असावी असा संगणकाचा अंदाज आहे, एवढाच तिचा अर्थ. खात्री नसेल तर कुळ किंवा गणाच्या पातळीवर थांबा. ‘न्यूडीब्रँकिया’ (डोरिड ज्यात येतात तो गण) एवढंच लिहिलेली नोंद चुकीच्या जातीपेक्षा कितीतरी बरी.

सर्वात जास्त गैरसमज ‘रिसर्च ग्रेड’बद्दल. तारीख, ठिकाण, फोटो आणि ओळख सांगणाऱ्यांपैकी दोन-तृतीयांशांहून जास्त जणांचं एकमत, एवढ्यावर तो शिक्का बसतो. तुम्ही सुचवणी निवडली आणि सोबतच्या मित्राने ‘अॅग्री’ दाबलं की झालं! पेरोनियाचं उदाहरण घ्या. मुंबईच्या खडकांवर ओहोटीत सरपटणारा, खरखरीत पाठीचा, हवेत श्वास घेणारा हा स्लग जुन्या पुस्तकांत ‘ऑन्किडियम व्हेरुक्युलॅटम’ म्हणून भेटतो. २०२० च्या फेरतपासणीनंतर कळतं की या प्रजातीतल्या (जीनसमधल्या) जाती बाहेरून सांगता येत नाहीत; जननेंद्रियांची रचना आणि डीएनए बघावं लागतं. म्हणजे निव्वळ फोटोवरून ‘पेरोनिया’च्या पुढे जाणं धाडसाचंच.

वर्गीकरणाचा वृक्ष मात्र आयनॅचरलिस्टवर चांगला ताजा आहे. कॉलेजच्या जुन्या नोट्समधला ‘ओपिस्थोब्रँकिया’ हा समुद्री स्लगांचा गट तिथे सापडणार नाही, कारण तो एका वंशाचा गटच नव्हता. सगळे आता हेटेरोब्रँकिया या मोठ्या गटात आहेत. याचा शोधताना फटका बसतो. फिल्टर ‘न्यूडीब्रँकिया’वर लावला तर हिरवी एलिसिया, समुद्री ससा आणि पेरोनिया हे तिन्ही स्लग गायब होतात. ‘हेटेरोब्रँकिया’वर लावला तर पावसाळ्यात बागा फस्त करणारी आफ्रिकी गोगलगायही यादीत येते, कारण तीही त्याच गटातली. ‘सी स्लग’ हे कवच हरवलेल्या अनेक वंशांचं मिळून पडलेलं बोलीतलं नाव आहे, त्याचा फिल्टर कुठून असणार?

आणि एक खरी उणीव: इथे जातीच्या नावापुढे लेखक आणि वर्ष दिसत नाही. त्यासाठी वर्म्स, म्हणजे सागरी जातींची जागतिक नोंदवही, दुसऱ्या टॅबमध्ये उघडी ठेवावी. तीही फुकट. आपल्या शहराच्याच नावाचा स्लग घ्या: ‘गोनियोब्रँकस बॉम्बेयानस (विंकवर्थ, १९४६)’. कंस बघितला की कळतं, विंकवर्थने तो वेगळ्या प्रजातीत, ग्लॉसोडोरिसमध्ये, टाकला होता. नंतर तो क्रोमोडोरिस झाला, २०१२ च्या डीएनए अभ्यासानंतर गोनियोब्रँकस. हे नाव पुल्लिंगी, म्हणून ‘बॉम्बेयाना’चा ‘बॉम्बेयानस’ झाला. शहराचं नाव बदललं तरी हे बदलणार नाही. प्राधान्याचा नियम तसा आहे: आधी दिलेलं जातीचं नाव टिकतं. वर्म्समध्ये जुनं नाव टाकलं तरी ग्राह्य नावाकडे बोट दाखवलं जातं. आयनॅचरलिस्टवर असे बदल ‘टॅक्सन स्वॅप’ने होतात आणि तुमची नोंद आपोआप नव्या नावावर सरकते. सूचना आली की आपली ओळख नव्या व्याख्येत बसते का, हे एकदा पाहा.

ठिकाणाचा पर्याय ‘ऑब्स्क्युअर्ड’ ठेवू नका. त्यात ०.२ अंशाच्या चौकोनात, म्हणजे वीस-बावीस किलोमीटरच्या पट्ट्यात, कुठेही खूण पडते. हाजी अलीचा स्लग भलत्याच ठिकाणी दिसू शकतो. लायसन्स ‘ऑल राइट्स रिझर्व्ह्ड’ असेल तर नोंद जीबीआयएफच्या, म्हणजे जैवविविधतेच्या नोंदींच्या जागतिक, साठ्यात जात नाही, तेही सेटिंगमध्ये तपासा.

नोंदी साठवायला पाचपैकी साडेचार. स्लगचं नाव सांगायला, एकट्याने वापरलं तर, अडीच.