जुन्या अँप्लिफायरचे कंडेन्सर बदलले: परभणीच्या उन्हाळ्यानंतरचा अनुभव

घरच्या टू-चॅनल अँप्लिफायरमधून सतत घूंऽऽ यायचं. "यात आता जीव नाही, होम थिएटर घ्या," असा सल्ला दुकानात मिळाला होता. आम्ही दुरुस्तीच केली. उन्हाळा अन् पावसाळा दोन्ही निघाले, म्हणून आता खात्रीनं लिहितोय.

आधी दोष शोधला. सेट बंद करून डाव्या-उजव्या स्पीकरच्या वायरी अदलून बघितल्या. दोन्हीकडं घूं तेवढंच, म्हणजे स्पीकर बरे. मग व्हॉल्यूम शून्यावर नेला. घूं कमी झालं असतं तर इनपुटची केबल किंवा अर्थिंग तपासली असती. ते तसूभर हललं नाही, तेव्हा संशय पॉवर सप्लायवर. आपली लाईन 50 हर्ट्झची. रेक्टिफायरनंतर, म्हणजे एसीचं डीसी करणाऱ्या भागानंतर, त्याचे 100 होतात, आणि ती लहर सपाट करणारे फिल्टरचे कंडेन्सर वाळले की तेच स्पीकरमधून ऐकू येतं. झाकण काढलं तर 4700 मायक्रोफॅरडच्या दोन्ही कंडेन्सरची डोकी फुगलेली!

जुने 25 व्होल्ट, 85 अंशांचे होते, म्हणजे जास्तीत जास्त तेवढा दाब अन् तेवढं तापमान सोसणारे. मेकॅनिककाकांनी 35 व्होल्ट, 105 अंशांचेच घ्यायला लावले, आणि ते अगदी बरोबर होतं. मे महिन्यात बाहेरच 42-43 अंश असतात. सेटच्या आत ट्रान्सफॉर्मरशेजारी काय होत असेल? कंडेन्सरभोवतीचं तापमान 10 अंशांनी उतरलं की त्याचं आयुष्य साधारण दुप्पट होतं. स्वतः बदलणार असाल तर प्लस-मायनस नीट बघा, उलटा लागला तर फुटतो. प्लग काढल्यावरही त्यात चार्ज राहतो, तेही ध्यानात ठेवा.

घूं गेलं ते परत आलं नाही. सकाळी आकाशवाणी परभणी लावलं की अभंगातला मृदंग पुन्हा सुटा सुटा ऐकू येतो, फार बरं वाटतं.

तरी दोन तक्रारी निघाल्या. भर दुपारी मोठ्या आवाजात लावलं की अर्ध्या तासात आवाज तुटायचा. आवाज वाढवणारी आयसी (चिप) तापली की स्वतःला वाचवायला असं करते. तिची उष्णता ओढून घेणाऱ्या धातूच्या हीटसिंकची पेस्ट वाळली होती. ती बदलली, सेट बंद शोकेसमधून उघड्या फळीवर आणला, त्रास थांबला. व्हॉल्यूमची खरखर मात्र क्लीनर मारूनही परतली. आतली कार्बनची पट्टीच झिजली होती, शेवटी नवा कंट्रोल टाकला.

आता उजव्या स्पीकरच्या कडेचा फोम भुसभुशीत झालाय. नवी रिंग चिकटवायची आहे, दिवाळीच्या आधी.