लॉरी बेकर यांची घरबांधणी पुस्तिका : विदर्भाच्या मातीत काय घ्यावं, काय सोडावं

घर बांधायला काढण्याआधी वाचावं असं एकच पुस्तक सांगायचं झालं तर ते वास्तुकार लॉरी बेकर यांचं ‘हाऊसेस : हाऊ टू रिड्यूस बिल्डिंग कॉस्ट्स’. पातळशी पुस्तिका आहे. पानोपानी बेकर यांच्या हातची रेखाचित्रं आणि सोबत मोजका मजकूर. इंग्रजी सोपं आहे, आणि जिथे इंग्रजी अडतं तिथे चित्र काम करतं. मिस्त्रीसमोर पान उघडून धरलं की मुद्दा त्याला कळतो. नेटवर पीडीएफ सहज मिळते.

पण ही पुस्तिका केरळच्या जमिनीवर आणि केरळच्या हवेत तयार झाली आहे. ती जशीच्या तशी वऱ्हाडात उतरवली तर काही ठिकाणी पैसा वाचेल आणि एका ठिकाणी घराला तडे जातील. कोणत्या पानावर विश्वास ठेवायचा हे ठरवायला आपली माती, आपली वीट आणि आपला मे महिना माहीत असावा लागतो.

बेकर १९१७ साली बर्मिंगहॅमला जन्मले, आयुष्य भारतात काढलं आणि २००७ मध्ये तिरुवनंतपुरमला वारले. गांधीजींनी त्यांना सांगितलेली एक गोष्ट ते आयुष्यभर सांगत राहिले : घराचं सामान घरापासून पाच मैलांच्या आत मिळणारं असावं. वर्धा जिल्ह्यातल्या वाचकाला हे पुस्तक परकं वाटत नाही ते म्हणूनच. सेवाग्रामची बापूकुटी माती, बांबू, लाकूड आणि कवेलूची आहे. तिच्या आत एप्रिल-मेच्या दुपारी उभं राहिलं की बेकर काय म्हणत होते ते अंगाला कळतं.

आता पायाचं प्रकरण. बेकर म्हणतात, पायाच्या नाल्या खोदताना माती बाहेर फेकायची आणि जोतं भरायला पुन्हा आत आणायची, ही दुहेरी मजुरी कशाला? खोदतानाच आत टाका. जिथे जमीन मुरमाड किंवा रेताड आहे तिथे हा सल्ला सोळा आणे खरा. बुलढाणा, अकोला, अमरावती, यवतमाळ, वर्धा आणि नागपूरच्या पश्चिमेकडच्या काळ्या मातीत मात्र हाच सल्ला सगळ्यात जास्त नुकसान करतो. काळ्या मातीतला मॉन्टमोरिलोनाइट हा चिकण घटक पाणी पिऊन फुगतो आणि वाळला की आकसतो. तीच माती जोत्याच्या आत दाबली तर पावसाळ्यात खालून ओल चढते आणि फरशी मधोमध उचलली जाते. टाईल पोकळ वाजू लागतात, आतल्या पार्टिशनला तिरपी चीर पडते. मग दोष मिस्त्रीवर किंवा सिमेंटवर जातो, खरं कारण फरशीखाली असतं.

इथे करायचं ते असं. खोदलेली काळी माती थेट वावरात न्यावी. जोत्याच्या आतला काळ्या मातीचा वरचा थरही शक्य तितका काढावा. भरणी मुरमाचीच करावी, सहा-सहा इंचांचे थर टाकून, पाणी मारून, धुमसाने ठोकून. एकदम तीन फूट मुरूम टाकून वरून पाणी सोडलं तर तो पुढच्या दोन पावसाळ्यांत बसतो आणि फरशीही सोबत खाली बसते.

पुस्तिकेतला उथळ दगडी पाया कडक जमिनीसाठी आहे. काळ्या मातीत पाच-सहा फुटांवर मुरूम लागत असेल तर तिथपर्यंत जाऊन कॉलम घ्यावेत. मुरूम लागतच नसेल तर रुरकीच्या केंद्रीय भवन अनुसंधान संस्थेने रूढ केलेल्या अंडर-रीम्ड पाइलचा विचार करावा. हातऑगरने, म्हणजे हाताने फिरवायच्या मोठ्या गिरमिटाने, साधारण साडेतीन मीटर भोक पाडायचं, तळाशी कटर फिरवून व्यासाच्या अडीचपट कंद काढायचा आणि काँक्रीट भरायचं. मातीतला ओलावा वर्षभरात जिथवर कमीजास्त होतो त्याच्या खाली हा कंद रुतून बसतो. पाइलवरचा बीम जमिनीला टेकता कामा नये. खाली सुमारे ८ सेंटीमीटर मोकळी फट ठेवावी, नाहीतर फुगणारी माती बीमच उचलते. ही फट मुरूम-रेतीने ‘नीट’ भरून देणारे गवंडी भेटतात. काम चालू असताना तिथे लक्ष ठेवा.

माती किती फुगते हे घरीही अंदाजाने कळतं. वाळलेली माती बारीक कुटून कपड्याने चाळा. सारखीच मापं दोन सरळ काचेच्या शिशांत टाका, एकीत पाणी, दुसरीत रॉकेल. हलवून चोवीस तास ठेवा. रॉकेलमध्ये माती फुगत नाही. पाण्यातली पातळी रॉकेलमधल्यापेक्षा दीडपट किंवा जास्त दिसली तर पायावर काटकसर करू नका, मातीचा नमुना प्रयोगशाळेत द्या. झाडीपट्टीत, म्हणजे भंडारा-गोंदिया-गडचिरोलीकडे, सिहारसारख्या पिवळसर रेताड जमिनीवर बेकर यांचा मूळ सल्ला बराचसा चालतो. कन्हार, म्हणजे काळी चिकण जमीन, असेल तर वर सांगितलेलं सगळं लागू.

पायाच्याच भागातली एक छोटी सूचना मात्र सगळीकडे उपयोगी आहे. दगडी जोतं दीड फूट रुंद आणि वरची विटांची भिंत नऊ इंची, तर भिंत मधोमध न घेता बाहेरच्या कडेशी जुळवून घ्यावी. मधोमध घेतली की बाहेर कडा राहते, पाऊस त्या कडेवर थांबतो आणि जोत्यात झिरपतो. काळ्या मातीत तर हे दुप्पट महत्त्वाचं. त्याला जोडून घराभोवती तीन-चार फूट रुंद पक्की उतरती पट्टी घ्या, आणि न्हाणीचं पाणी पायापासून लांब न्या. भिंतीला लागून निंब-पिंपळ वाढू देऊ नका, उन्हाळ्यात मुळं पायाखालची ओल ओढून घेतात आणि तेवढाच कोपरा खचतो.

पुस्तिकेचं खरं मोल रॅट-ट्रॅप बांधणीच्या पानांत आहे. वीट आडवी न ठेवता काठावर उभी लावायची : दोन विटा समोरासमोर, मध्ये तीन इंचांची पोकळी, मग एक वीट आरपार. भिंत नऊ इंचीच राहते. बेकर २५ टक्के विटा वाचतात म्हणतात आणि हिशोब जुळतो. २३० × ११५ × ७५ मिलिमीटरची वीट आणि १० मिलिमीटरचा सांधा धरला तर नेहमीच्या नऊ इंची भिंतीला चौरस मीटरमागे ९८ विटा लागतात, या पद्धतीत ७४. पंचवीस चौरस मीटरच्या घरकुलाला दारं-खिडक्या वजा जाता ५० चौरस मीटर बाहेरची भिंत धरली, तर सुमारे १,२०० विटा वाचल्या. शिवाय पोकळीतली हवा उष्णता अडवते. पश्चिमेच्या भिंतीला हा फायदा विटांच्या बचतीपेक्षा मोठा आहे.

अडचण विटेची आहे. आपल्याकडच्या गावठी भट्टीची वीट एकसारखी येत नाही. काठावर उभी केल्यावर विटेची रुंदी हीच थराची उंची होते. ती कुठे चार, कुठे साडेचार इंच निघाली की ओळंबा-सूत सांभाळायला गवंडी मसाला जाड करतो आणि वाचलेले पैसे सिमेंटमध्ये जातात. म्हणून भट्टीवर वीस विटा काठावर उभ्या करून वर सरळ फळी ठेवा. फळी डुगडुगली तर ती भट्टी सोडा. भट्टीच्या कडेचा, कमी भाजलेला मालही नको : कोरडी वीट तोला, चोवीस तास पाण्यात ठेवा, पुन्हा तोला. अडीच किलोची वीट तीन किलोच्या वर गेली तर ती २० टक्क्यांपेक्षा जास्त पाणी पिते. कोराडी-खापरखेडा किंवा चंद्रपूर पट्ट्यात फ्लाय अॅशची, म्हणजे वीजकेंद्रांतल्या कोळशाच्या राखेची, वीट मिळते. ती साच्यातली असल्याने मापात असते आणि या बांधणीला जास्त सोयीची.

पहिला थर, खिडकीखालचा थर, लिंटेल-स्लॅबखालचा थर, कोपरे आणि दारा-खिडक्यांच्या बाजू भरीव घ्याव्या लागतात. कोपऱ्यांच्या पोकळीत उभी सळाख सोडून ती काँक्रीटने भरली तर भिंत आणखी मजबूत होते. मसाला पोकळीत पडू नये म्हणून लावताना पोकळीवर लाकडी पट्टी ठेवायची आणि पुढे सरकवायची. ही पट्टी नसेल तर तळाशी मसाल्याचा ढीग साचतो आणि पोकळीचा उपयोगच जातो. लाईटचे पाइप बांधतानाच पोकळीतून सोडा. नंतर छन्नी-हातोड्याने खाचा मारल्या तर उभी वीट फुटते.

प्लास्टर नको, हा बेकर यांचा आग्रह. विटा चांगल्या असतील आणि सांध्यांत दर्जा (सांधे बंद करणारा मसाला) नीट भरला असेल तर आतून आणि पूर्व-उत्तरेला तो चालेल. पावसाचा मारा ज्या बाजूने येतो तिथे गावठी विटेला प्लास्टर करावंच.

जाळीच्या भिंती हे बेकर यांच्या घरांचं सगळ्यात देखणं अंग, आणि केरळच्या दमट हवेत ते योग्यही आहे. तिथे वारा घरातून सतत वाहता हवा. आपल्याकडे पारा ४५च्या वर जातो तेव्हा दुपारचा वारा म्हणजे झळा. त्या घरात घ्यायच्या नसतात, बाहेरच थोपवायच्या असतात. दिवसा घर बंद, रात्री उघडं, हीच इथली जुनी रीत. तरी जाळी पूर्ण टाकून देऊ नका. कूलरला हवा बाहेर जायला वाट लागते, नाहीतर खोली दमट होते आणि कूलर थंडावा देत नाही. कूलरच्या समोरच्या भिंतीत, छताजवळ, उत्तर किंवा पूर्वेला दीड-दोन फुटांची विटांची जाळी ठेवा, आतून मच्छरजाळी आणि हिवाळ्यासाठी झडप. पश्चिमेला जाळी नको.

चौकटीशिवाय दार, थेट भिंतीत बसवलेल्या होल्डफास्टवर (लोखंडी पट्ट्यांवर), ही कल्पना गोठा, धान्याची खोली, संडास-न्हाणीला उत्तम. उधई (वाळवी) बरेचदा चौकटीतून घरात शिरते, तो मार्ग बंद होतो. राहत्या खोलीला फटींतून धूळ आणि विंचू येतात; तिथे चौकट घ्यावी.

फिलर स्लॅबच्या पानांवर जास्त वेळ द्या. स्लॅबच्या खालच्या भागात ताण लोखंड घेतं, तिथलं बरंचसं काँक्रीट नुसतं भरण असतं. त्या जागी मंगलोरी कवेलूंच्या जोड्या ठेवायच्या. कवेलूची घरं पाडून टिनाची होत आहेत, त्यामुळे गावोगाव हे कवेलू ढिगाने पडले आहेत. हातावर धरून बोटाने वाजवा : खणखणीत वाजला तो घ्या, बद्द वाजला तो चिरलेला. हातघडीचे अर्धगोल गावठी कवेलू ठिसूळ असतात, ते यात नकोत. ओतण्याआधी कवेलू पाण्यात भिजवले नाहीत तर ते काँक्रीटचं पाणी शोषतात. दोन रांगांमध्ये सुमारे चार इंचांची पट्टी आणि त्यात सळाखी, कवेलूवर किमान दोन इंच काँक्रीट, भिंतीजवळचा भाग भरीव. सळाखीखाली कव्हर ब्लॉक (तिला उचलून धरणारे छोटे ठोकळे) ठेवा, नाहीतर काही वर्षांत गंजून खालचं काँक्रीट गळतं. मजूर घमेलं घेऊन कवेलूंवरून चालले की रांगा सरकतात, म्हणून चालायला फळ्या टाका. पंख्याचे हूक आधी ठरवा. आणि सळाखींचं माप पुस्तिकेतून उचलू नका. खोलीच्या रुंदीप्रमाणे इंजिनिअरकडून काढून घ्या. वरून दर उन्हाळ्याच्या तोंडाशी चुन्याची सफेदी मारली तर खालची खोली स्पष्ट थंड राहते.

पुस्तिका ज्यावर गप्प आहे ती गोष्ट पूर्णेच्या खोऱ्यात सगळ्यात मोठी : खारपाण, म्हणजे जमिनीतलं खारं पाणी. अकोला-अमरावती-बुलढाण्याच्या त्या पट्ट्यात बोअरचं पाणी काँक्रीटमध्ये वापरलं तर लोखंड लवकर गंजतं आणि भिंतीवर लोणा चढतो. भारतीय मानक ४५६ नुसार लोखंडाच्या काँक्रीटसाठी पाण्यात क्लोराइड लिटरला ५०० मिलिग्रॅमच्या वर नको. काम सुरू करण्याआधी पाणी तपासून घ्या. कालवायला आणि तराईला (काँक्रीटवर नंतर पाणी मारायला), दोन्हीला गोडं पाणीच वापरा. नुसतं कालवायला गोडं आणि तराईला खारं, असंही करू नका.

बेकर यांची मातीवरची ‘मड’ ही दुसरी पुस्तिका सोबत घ्यावी, पण मातीचं घर बांधायचं पक्कं असेल तरच. आपल्याकडे भिंतीला पांढरी माती वापरतात, काळी नाही, यामागचं शास्त्र त्यातून समजतं. चिकण मातीला चुना आणि रेताड मातीला थोडं सिमेंट मिसळलं की भिंत टिकते.

घरात पैसे गुंतवून पुढे विकायचं असेल तर यातलं एकही पान कामाचं नाही. प्लॉटची कागदपत्रं, अकृषक परवानगी, यांतलं इथे काहीच नाही. नमुना ८ चा उतारा हा घरपट्टीचा कागद आहे, मालकीचा नाही, एवढं मात्र जागा घेण्याआधी ध्यानात असू द्या.

मिस्त्रीला पूर्ण पुस्तिका देऊ नका. जोत्याची कडा, रॅट-ट्रॅप आणि फिलर स्लॅब एवढ्याच पानांची मोठी झेरॉक्स काढा. खोदलेली माती आत टाकण्याचं पान वगळा. मग आधी गोठ्याची किंवा कंपाउंडची दहा फूट भिंत रॅट-ट्रॅपमध्ये उभी करवून घ्या. सूत आणि ओळंबा बरोबर आला, पोकळीत मसाला नसला, तर घराचं काम त्याच हाताला द्या.